कापसाच्या वाटेने आलेला चहा

चहाच्या जागतिक इतिहासात वऱ्हाडाचे नाव सहसा येत नाही. चीन, जपान, आसाम, दार्जिलिंग, सिलोन, लंडन असा त्या इतिहासाचा नकाशा. अमरावती आणि अकोला त्यात कोठे बसणार? तरीही हा इतिहास वऱ्हाडातून पाहिला, तर लंडनमधून न दिसणाऱ्या काही गोष्टी दिसतात. वऱ्हाडाने चहा पिकवला नाही. पण चहाची चव कळण्याच्या कितीतरी आधी चहाची किंमत चुकवण्यात त्याच्या कापसाचा हात होता. पुढे चहा आला तोही कापसाने आखलेल्या वाटेने. आणि आल्यावर जो प्रश्न उभा राहिला, तो चवीचा नव्हता: कोणाच्या हातचा, आणि कोणत्या कपातून?

आधी रोपाची गोष्ट. जगात हिरवा, काळा, ऊलाँग असे चहाचे जे प्रकार विकले जातात, ते सारे कॅमेलिया सायनेन्सिस या एकाच झुडपाचे. फरक पान खुडल्यानंतर पडतो. दोन कोवळी पाने आणि एक कळी खुडायची, पसरून कोमेजू द्यायची, मग वळायची. वळताना पानातल्या पेशी फुटतात, रस हवेशी भिडतो आणि पान तांबूस-काळे पडते. वाळवले की तो काळा चहा. ही क्रिया आरंभीच उष्णता देऊन थांबवली की हिरवा चहा. युरोपातील पुष्कळ लोक एकोणिसाव्या शतकापर्यंत ही दोन वेगळी झाडे समजत होते. चीनने आपले ज्ञान किती जपून ठेवले होते, याचा अंदाज एवढ्यावरून यावा.

या झुडपाला आम्लधर्मी, पाण्याचा झटकन निचरा होणारी जमीन लागते आणि वर्षभर विभागून पडणारा भरपूर पाऊस लागतो. वऱ्हाडची काळी याच्या नेमकी उलट. ती अल्कधर्मी, चिकण आणि पाणी धरून ठेवणारी. उन्हाळ्यात तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात. अकोल्याला वर्षाकाठी साधारण ७५० ते ८०० मिलीमीटर पाऊस पडतो आणि तोही चार महिन्यांत संपतो. जो गुण कपाशीला वर, तोच चहाला शाप. मेळघाटात सुमारे १,१०० मीटर उंचीवर चिखलदरा आहे. इंग्रजांनी तेथे कॉफी लावली, ती जगली आणि आजही थोडीफार निघते. पण चहाचा मळा असा वऱ्हाडात उभा राहिला नाही.

मग संबंध कोठे आला? त्यासाठी कँटनच्या बंदरात जावे लागेल.

अठराव्या शतकात इंग्रजांना चहाचे वेड लागले होते आणि चहा मिळत होता फक्त चीनकडून. चीनला इंग्रजी लोकरीच्या कापडाची गरज नव्हती; त्याला चांदी हवी होती. १७८४ मध्ये पिटच्या सरकारने चहावरील जकात ११९ टक्क्यांवरून साडेबारा टक्क्यांवर आणली. चोरटा व्यापार मोडला, खप भराभर वाढला आणि त्याबरोबर चांदीचा प्रश्नही वाढला. ईस्ट इंडिया कंपनीने त्यावर हिंदुस्थानी तोडगा काढला. हिंदुस्थानातला माल चीनमध्ये विकावा आणि त्या पैशातून चहा घ्यावा. हा माल म्हटला की आज सर्वांना अफू आठवते. पण अफूने पहिला क्रमांक घेतला तो १८२० च्या दशकात. त्याआधीची कित्येक वर्षे मुंबई आणि कलकत्ता या दोन बंदरांतून कँटनला जाणारा सर्वांत मोठा हिंदुस्थानी माल कच्चा कापूस होता. शाळेच्या पुस्तकात चहा आणि अफू यांची जोडी पाठ करून घेतात. तिच्या आधीची चहा आणि कापसाची जोडी मात्र सुटून जाते.

वऱ्हाडचा कापूस त्या काळी गंगेकाठच्या मिर्झापूरला जात असे. तेथून नावेने कलकत्ता. अमरावती ते मिर्झापूर हे सुमारे ५०० मैलांचे अंतर लमाणांचे तांडे बैलांच्या पाठीवर गोण्या लादून काटत. दिवसभराच्या चालीत मोकळ्या कापसावर धूळ बसे, पावसाने गाठले तर माल भिजे, आणि बैलांना चारा-पाणी मिळेल त्या मुक्कामांनी वाट ठरे. १८४२ साली एका व्यापाऱ्याने एक लाख बैलांचा कापूस याच वाटेने कलकत्त्याकडे धाडल्याचे जुन्या गॅझेटियरमध्ये नोंदलेले आहे. आकडा ऐकीव असेल, फुगवलेलाही असेल. पण वाटेवरची वर्दळ त्यातून कळते. मुंबईची वाट मागाहून उघडली. १८२५-२६ मध्ये हैदराबादेत पेढी असलेल्या विकाजी आणि पेस्तनजी मेहेरजी या पारशी बंधूंनी सुमारे ५०० बैलांवर वऱ्हाडचा कापूस मुंबईला पाठवला. त्या व्यापाराचा तो आरंभ मानतात.

वऱ्हाडच्या कोणत्या गोणीतून कोणती चहाची पेटी आली, हे अर्थातच दाखवता येत नाही. कापूस पेठेत पोचला की त्याचे गाव पुसले जाते. पण मिर्झापूरची पेठ कलकत्त्याला कापूस पुरवत होती आणि कलकत्ता चीनला. या साखळीत वऱ्हाड होते. जो शेतकरी सरकी पेरत होता, त्याने चहाचे नावही ऐकले नसेल.

याच सुमारास दुसरी घडामोड ईशान्येला झाली. १८२३ मध्ये रॉबर्ट ब्रूस नावाच्या स्कॉटिश माणसाला वर आसामातील सिंगफो लोक चहा पितात, हे कळले. त्याला ही वार्ता मिळाली ती मणिराम दिवाण या आसामी गृहस्थाकडून, असे सांगतात. (त्याच वर्षी कॅप्टन रॉबिन्सनने चिखलदऱ्याचा ‘शोध’ लावल्याचे मानले जाते. दोन्ही ठिकाणी माणसे आधीपासून राहत होती. पण शोध म्हणायला गोरा माणूस लागे.) १८३४ मध्ये बेंटिंकने चहासमिती नेमली. १८३९ च्या जानेवारीत आसामच्या चहाच्या आठ पेट्यांचा लंडनमध्ये लिलाव झाला आणि त्याच वर्षी आसाम कंपनी निघाली. मणिराम दिवाणांनी स्वतःचे मळे लावले. १८५७ च्या उठावात सामील झाल्याच्या आरोपावरून १८५८ मध्ये इंग्रजांनी त्यांना फाशी दिले. १८८८ पर्यंत ब्रिटनमध्ये येणाऱ्या हिंदुस्थानी चहाने चिनी चहाला मागे टाकले.

मळे वाढले ते मजुरांच्या जिवावर. छोटा नागपूर, संथाळ परगणा, ओरिसा आणि मध्यप्रांताचा छत्तीसगडी भाग येथून दलालांनी माणसे नेली. करार मोडून पळणाऱ्यास तुरुंग होता आणि पळालेल्यास पकडण्याचा अधिकार काही काळ मळेवाल्यांनाच होता. १९०३ मध्ये वऱ्हाड ज्या मध्यप्रांताला जोडले गेले, त्याच प्रांताच्या पूर्वेकडील दुष्काळग्रस्त गावांतून ही भरती चाले. मे १९२१ मध्ये चरगोळा खोऱ्यातील हजारो मजूर गांधींचा जयघोष करीत मळे सोडून निघाले. चांदपूरच्या स्थानकावर गुरखा शिपायांनी त्यांना रात्री झोडपून काढले. चहाच्या इतिहासातली ही रात्र चहाच्या जाहिरातीत कधी आली नाही.

इकडे वऱ्हाड बदलत होते. १८५३ मध्ये निजामाने हा प्रांत कंपनीच्या हवाली केला; कापसावरचा डोळा हे त्यामागचे एक उघड कारण होते. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, लँकेशायरचा कापूस थांबला आणि वऱ्हाडच्या कपाशीचे भाव कधी पाहिले नव्हते इतके चढले. बैलगाडीच्या चाकांना चांदीच्या धावा बसवल्याच्या कथा त्या दिवसांतल्या. युद्ध संपले आणि भाव कोसळले. पण रूळ आले होते. १८६७ मध्ये ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे भुसावळ, अकोला, बडनेरा करीत नागपूरला पोचली. १८७० मध्ये खामगावच्या फाट्याचे उद्घाटन करायला स्वतः व्हाइसरॉय लॉर्ड मेयो आला. एका कापसाच्या पेठेसाठी व्हाइसरॉय येतो, यात सगळे आले. पुढे मूर्तिजापूरहून अचलपूर आणि यवतमाळला छोटे रूळ गेले. हीच लोकांची लाडकी शकुंतला. जीन आणि प्रेस उभ्या राहिल्या, बडनेऱ्यात कापडगिरणी निघाली, अकोल्यात सावतराम गिरणी, अचलपुरात विदर्भ मिल. लमाणांचे बैल मात्र बेकार झाले.

स्थानक, जीन, गिरणी आणि कापसाचा बाजार या चार जागी पहिल्यांदाच असे घडले की वेगवेगळ्या गावची, वेगवेगळ्या जातींची माणसे घरापासून दूर, तासन्‌तास एकत्र थांबू लागली. भाव फुटायचा होता, बंडी खाली व्हायची होती, गाडी यायची होती. अशा थांबलेल्या माणसाला दोन पैशांत काहीतरी गरम हवे असते. चहाची मागणी जन्मते ती नेमकी येथे.

ती पुरवण्याच्या आड एक भिंत होती. भाजलेले चणे, मुरमुरे यांना विटाळ कमी. पाणी घातलेल्या पदार्थाला विटाळ फार. चहात पाणी, दूध, भांडे आणि करणाऱ्याचा हात सारेच आले. ही भिंत किती उंच होती, हे पाहायला वऱ्हाडाबाहेर, पुण्याला जावे लागते. ऑक्टोबर १८९० मध्ये पंचहौद मिशनमध्ये एक व्याख्यान झाले आणि नंतर पाहुण्यांपुढे चहा-बिस्किटे आली. न्यायमूर्ती रानडे, टिळक, गोखले यांच्यासह चाळीसहून अधिक प्रतिष्ठित मंडळी हजर होती. कोणी प्यायले, कोणी नुसता पेला हाती धरला. आनंदीबाईंचे पती गोपाळराव जोशी यांनी नावे ‘पुणे वैभव’ पत्रात छापवून आणली आणि गहजब झाला. सनातन्यांनी शंकराचार्यांकडे दाद मागितली, चौकशी बसली, बहिष्कार पडले. टिळकांनी काशीत घेतलेल्या प्रायश्चित्ताचा दाखला पुढे केला. रानड्यांनीही अखेर प्रायश्चित्त घेतले आणि आपल्याच सुधारक मित्रांचे बोल ऐकले.

हे केवळ पुण्याचे भांडण नव्हते. टिळकांचे निकटचे सहकारी दादासाहेब खापर्डे अमरावतीत वकिली करीत. १८९७ मध्ये काँग्रेसचे अधिवेशन अमरावतीला भरले तेव्हा स्वागताध्यक्ष तेच होते. त्या अधिवेशनाचे अध्यक्ष सर शंकरन नायर मलबारचे. देशभरचे प्रतिनिधी कापसाच्या रुळांवरून आले. राजकारण माणसांना एका मांडवात बसवत होते. एका पंगतीत बसवणे त्याला अजून जमले नव्हते.

आता मळेवाल्यांची बाजू. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस चहा गरजेपेक्षा जास्त पिकू लागला आणि भाव उतरले. ज्या देशात चहा पिकतो, त्याच देशातले कोट्यवधी लोक तो पीत नाहीत, हे मळेवाल्यांच्या ध्यानी आले. १९०३ मध्ये कर्झनच्या कारकिर्दीत चहा उपकराचा कायदा झाला. निर्यात होणाऱ्या चहावर नाममात्र उपकर बसवायचा आणि तो पैसा चहाच्या प्रसाराला लावायचा. प्रसारासाठी समितीने रेल्वेस्थानके आणि गिरण्या निवडल्या. १९३० च्या जागतिक मंदीत निर्यातीवर बंधने आली, तेव्हा देशी गिऱ्हाइकासाठी जोर आणखी वाढला. एनॅमलच्या रंगीत पाट्या लागल्या, प्रात्यक्षिकाच्या गाड्या फिरल्या, फुकट चहा वाटला गेला, गरिबाला परवडतील अशा एका पैशाच्या पुड्या निघाल्या. समितीला गिरण्या आणि स्थानके हवी होती. वऱ्हाडात कापसाने ती आधीच बांधून ठेवली होती.

पाट्यांवर चहा करण्याचे नियम असत: ताजे पाणी उकळा, किटलीत माणशी एक चमचा पूड घाला, वर पाणी ओता, झाकून ठेवा. पूड उकळू नका, दूध वरून घाला. लोकांनी हे नियम वाचले असतील तर सोडून दिले. दूध, पाणी, साखर, पूड एकत्र उकळले, आले ठेचून टाकले, गवती चहाची पात घातली; साखर महाग झाली तेव्हा गूळ घातला. प्रसारकांना हा पूड वाचवण्याचा चावटपणा वाटे. गंमत अशी की उकळलेल्या चहाच्या विरोधात त्यांना एक अनपेक्षित साथीदार होता. वऱ्हाडच्या शेजारी वर्ध्याला राहिलेल्या गांधीजींनी १९४२ मध्ये लिहिलेल्या आरोग्यावरील पुस्तकात चहातल्या टॅनिनचा समाचार घेतला: ज्याने कातडे कमावतात, ते पोटात का घालावे? घ्यायचाच तर उकळते पाणी पानांवरून ओतून गवताच्या रंगाचा घ्यावा, असा त्यांचा कल. साम्राज्याच्या मळेवाल्यांचे आणि साम्राज्याच्या सर्वांत मोठ्या विरोधकाचे एका मुद्द्यावर एकमत झाले, आणि जनतेने दोघांचेही ऐकले नाही.

जनतेच्या बाजूने एक यंत्र उभे राहिले. १९३० च्या सुमारास आसामच्या आमगुरी मळ्यात विल्यम मॅकर्चर याने दातेरी रुळांतून पान चिरडून, फाडून, गोळी करणारे यंत्र बनवले. त्यातून निघतो तो सीटीसी, म्हणजे आपला दाणेदार चहा. त्याचा रंग झटपट उतरतो, दुधात दबत नाही आणि थोड्या पुडीत पुष्कळ कप होतात. जाणकार त्याला नाके मुरडतात. पण स्वातंत्र्यानंतर गरिबाच्या घरी चहा रोजचा झाला तो या दाण्यामुळे. आज देशात होणारा बहुतांश चहा याच जातीचा आहे आणि सुमारे चार पंचमांश चहा देशातच संपतो. वऱ्हाडात घरी पाहुणा आला की ‘चहा मांड’ म्हणतात, तेव्हा चुलीवर चढतो तो हाच.

चहा स्वस्त झाला. कप मात्र सर्वांना एक झाला नाही. स्थानकांवर ‘हिंदू चहा’ आणि ‘मुसलमान चहा’ अशा वेगळ्या आरोळ्या ऐकू येत आणि पाण्याचेही तसेच. अस्पृश्य मानलेल्यांना आरोळीतसुद्धा जागा नव्हती. गावोगावच्या हॉटेलांत त्यांचे कप वेगळे. बहुधा कान तुटलेले, बाहेर खुंटीला किंवा वळचणीला ठेवलेले. गिऱ्हाइकाने आपला कप आपण उचलायचा, दुकानदाराने वरून चहा ओतायचा, पिऊन झाल्यावर कप विसळून पुन्हा जागी ठेवायचा, आणि पैसे मात्र तेवढेच द्यायचे. मराठी दलित आत्मकथनांतून ही खुंटी पुन्हापुन्हा भेटते.

१९२७ हे वर्ष या दृष्टीने पाहण्याजोगे आहे. मार्चमध्ये महाडला चवदार तळ्याचे पाणी डॉ. बाबासाहेब आंबेडकर आणि त्यांच्या अनुयायांनी ओंजळीत घेतले. १३ नोव्हेंबरला अमरावतीत अंबादेवीच्या मंदिरप्रवेशाच्या प्रश्नावर परिषद भरली आणि तिचे अध्यक्षस्थान बाबासाहेबांकडे होते. तळे आणि देऊळ या लढ्यांची नोंद इतिहासाने ठेवली. हॉटेलातल्या कपाचा लढा विखुरलेला होता. तो रोज, प्रत्येक गावात, पैशा-दोन पैशांच्या व्यवहारात होत राहिला. म्हणून त्याला तारीख नाही.

पण कायद्यात त्याचे प्रतिबिंब सापडते. संविधानाच्या १५ व्या अनुच्छेदाचा दुसरा खंड दुकाने, सार्वजनिक उपाहारगृहे आणि हॉटेले यांत धर्म, वंश, जात, लिंग वा जन्मस्थान यांवरून कोणालाही अडवण्यास मनाई करतो. २९ नोव्हेंबर १९४८ रोजी घटना समितीत यावर चर्चा झाली, तेव्हा ‘दुकान’ म्हणजे नेमके काय, असा प्रश्न निघाला. बाबासाहेबांनी त्याचा अर्थ मुद्दाम व्यापक धरला: जेथे पैसे घेऊन कोणतीही सेवा दिली जाते ते सारे त्यात येते. पापळचे डॉ. पंजाबराव देशमुख मध्यप्रांत-वऱ्हाडातून त्याच समितीचे सदस्य होते.

हॉटेलात शिरू देणे मान्य झाले, तरी कप वेगळा ठेवता येतच होता. १९५५ च्या अस्पृश्यता (गुन्हे) कायद्याने ती फटही बुजवली. त्याच्या चौथ्या कलमात दुकान आणि हॉटेल यांच्या प्रवेशाखालोखाल, सार्वजनिक उपाहारगृहात ठेवलेली भांडी वापरण्यास अस्पृश्यतेच्या कारणावरून प्रतिबंध करणे हा स्वतंत्र गुन्हा म्हणून लिहिला आहे. विटाळाच्या विरोधात उभ्या राहिलेल्या प्रजासत्ताकाला आपल्या कायद्यात ‘भांडी’ हा शब्द घालावा लागला, तो वळचणीच्या त्या कपामुळे.